पट्टा एक भोक आत

४ फेब्रुवारी, मंगळवार

दुकान बंद पडलं, पण मालकांनी डायरी मात्र दिली. दर वर्षी द्यायचे. यंदा दुकानच उरलं नाही, तरी आधीच छापायला टाकल्या होत्या म्हणून आल्या. पुठ्ठ्यावर दुकानाचं नाव सोनेरी अक्षरांत. त्या नावाखाली एकतीस वर्षं मी लोकांच्या पायांशी बसलो. एरवी या डायरीत फार तर दाढदुखीच्या तारखा लिहायचो. यंदा घरात बोलायला कोणी नाही, म्हटलं इथे बोलावं.

आजपासून मी माझा धनी. आमच्या इमारतीच्या जिन्याखाली एक खोली आहे, मोडक्या सायकली पडून असायच्या तिथे. ती सेक्रेटरींनी मला वापरायला दिली. पाटी ठकीने रंगवली: ‘चपला, बूट, सँडल स्वच्छ करून मिळतील. दुरुस्ती नाही.’ दुरुस्ती नाही हे मीच घालायला लावलं. पट्ट्याला भोक पाडण्यापलीकडे मला काही येत नाही, उगाच फुशारकी कशाला. पण कोणत्या चामड्याला काय सोसतं नि काय सोसत नाही, ते मी डोळे मिटून नुसता हात फिरवून सांगेन.

ठकी म्हणजे माझी लेक. चोवीस वर्षांची घोडी झाली तरी ठकीच. रक्त तपासायच्या लॅबमध्ये कामाला आहे, सकाळी साडेसहाला जाते ती सहाला येते. पाटी रंगवताना माझ्याशी एकूण चार वाक्यं बोलली, त्यातली दोन ब्रशाबद्दल. पूर्वी या मायलेकी बोलायला लागल्या की मला रेडिओ ऐकू यायचा नाही. ही गेली आणि घराचा आवाजच गेला. ही म्हणजे माझी बायको. चार महिने होतील.

जिन्याखाली बसल्याची एक गंमत आहे. सगळी बिऱ्हाडं माझ्या डोक्यावरून चढतात उतरतात. एका दिवसात मला पावलं पाठ झाली. तिसऱ्या मजल्यावरचा शिकवणीवाला डावा पाय जोरात टाकतो. त्याच्या उजव्या बुटाचा तळ गेलेला असणार. उद्या गाठतो त्याला.

६ फेब्रुवारी, गुरुवार

पहिलं गिऱ्हाईक म्हणजे गल्लीतल्या दवाखान्यातली नर्स. पांढऱ्या सँडल, त्यावर आयोडिनचे डाग. घरी टूथपेस्ट लावून घासल्या म्हणाली. मी कपाळावर हात मारून घेतला. टूथपेस्टने डाग जातो, पण वरची चमकही जाते, मग मळ दुप्पट वेगाने धरतो. तिला सगळं समजावलं तर म्हणते, काका, हे छापून भिंतीवर लावा.

ती गेल्यावर हिच्या सँडल खाली आणल्या. उद्घाटनालाच आणणार होतो, धीर झाला नाही. तपकिरी चामड्याच्या, पुढे दोन आडवे पट्टे, टाचेमागून एक, त्याला बाजूला बकल. मीच दुकानातून आणल्या होत्या. चार महिने दाराशी कपाटाच्या खालच्या कप्प्यात तशाच होत्या.

आता लिहायला घेतलंच आहे तर तेही लिहितो. ऑक्टोबरात एका सकाळी मी बाथरूममध्ये गेलो तर या सँडल साबणाच्या बादलीत बुडवलेल्या. चामड्याच्या. चांगल्या तासभर मुरलेल्या, फुगलेल्या, एका तळाचं चिकटवलेलं सुटायला आलेलं. मी ओरडलो, कोणी केलं हे म्हणून. ठकी टॉवेल घेऊन दारात उभी होती, ती तिथेच थबकली. ही स्वयंपाकघरातून हात पुसत आली आणि म्हणाली, “मी केलं. मळल्या होत्या.” मग मी तोंडाचा पट्टा सोडला. जगाला शिकवतो आणि माझ्याच घरात अडाणीपणा, असलं सगळं बोललो. ही ऐकून घेत राहिली. ठकी रडायला लागली, तर तिलाही म्हटलं, तू कशाला गळा काढतेस.

मग आत वर्तमानपत्राचे बोळे कोंबले, सावलीत ठेवल्या आणि हुकूम सोडला की दोन दिवस कोणी हात लावायचा नाही. हुकूम बरोबर होता, आजही मी हेच सांगेन. हिने हात लावला नाही. दुसऱ्या दिवशी मासिक बदलायला ग्रंथालयात गेली ती जुन्या रबरी चपला घालून. तळ पार गुळगुळीत झालेले. मागच्या पायऱ्या उतरताना घसरली. डोक्याला लागलं. संध्याकाळपर्यंत होती.

सँडल आज स्वच्छ केल्या. आधी कोरडा मऊ ब्रश, शिवणीत जुना दात घासायचा ब्रश. मग फडकं पाण्यात बुडवून अगदी घट्ट पिळायचं, त्यावर लहान मुलांच्या साबणाचा फेस घ्यायचा, पाणी नाही. पहिला हात पट्ट्याच्या आतल्या बाजूला, रंग सुटतो का बघायला. मग बाहेरून. दुसऱ्या ओल्या फडक्याने फेस टिपायचा. सुकल्यावर चामड्याचं मलम, नखाएवढं. बादलीने चामडं कडक झालं होतं, त्याने बरंच मऊ आलं.

आतल्या तळावर हिचं पाऊल उमटलेलं आहे. अंगठा, चार बोटं, टाच. घामाने काळपट होत जातं ते. गिऱ्हाइकाचं असतं तर टाचेकडून बोटांकडे सबंध पुसून काढलं असतं. मी कडेकडेने पुसलं. पावलाला हात लावला नाही. बकल हिच्या सवयीच्या तिसऱ्या भोकात लावून सँडल कप्प्यात ठेवून दिल्या.

८ फेब्रुवारी, शनिवार

भिंतीवर लावायच्या सूचना ठकीकडून लिहून घ्यायला बसलो, तिचं अक्षर छान आहे. एक, पाण्यात बुडवू नये. दोन, आधी लपलेल्या जागी करून बघावे. तीन, वास येत असल्यास खायचा सोडा भुरभुरावा, सकाळी झटकावा. चौथं सांगितलं, भिजल्यास कागद कोंबून सावलीत दोन दिवस ठेवावे. ठकीचा हात थांबला. पेन संपलं म्हणाली आणि आत गेली. पेन नंतर मी चालवून बघितलं, चांगलं चालत होतं. चौथी सूचना मलाही लिहवेना. तीनच सूचनांचा कागद लावला आहे.

११ फेब्रुवारी, मंगळवार

हिच्या सँडलवर धूळ आहे.

माझ्या हातून परवा परवा स्वच्छ होऊन गेलेल्या वस्तू. शिवणीत तांबूस कचकच भरलेली. कप्प्यातल्या धुळीचा थर असा वरून बसतो, हा खालून आलेला आहे, तळाच्या कडांवर जास्त. ठकीला विचारलं. ती म्हणाली, मला काय माहीत, आणि नळ सोडला. खिडकी उघडी राहिली असेल. पण खिडकीतून येणारी धूळ राखाडी असते.

पुन्हा स्वच्छ केल्या.

१५ फेब्रुवारी, शनिवार

पुन्हा तेच. आणि आणखी एक गोष्ट आहे.

पट्टा चौथ्या भोकात आहे. चारच भोकं आहेत, हे शेवटचं. मी तिसऱ्यात लावला होता. एकतीस वर्षं बकलं लावली मी, यात माझी चूक होणार नाही. उजव्याचाही चौथ्यात, डाव्याचाही चौथ्यात.

तिकडे जाऊन बारीक झालीस की काय गं? खायला कोण घालतं तुला?

१७ फेब्रुवारी, सोमवार

कोणाला तरी सांगितल्याशिवाय राहवेना, म्हणून शेजारच्या शिंप्याकडे गेलो. त्याची माझी मैत्री पाटी लावायच्या आधीपासूनची. त्याच्याकडे काही बोललं की तो आधी थट्टा करतो, मग ऐकतो. सगळं ऐकून म्हणाला, भुताचे पाय उलटे असतात, टाचेच्या जागी अंगठा उमटलाय का बघ. मला राग आला. माझा चेहरा बघून त्याने मशीन थांबवलं आणि विचारलं, घरात तुझ्याशिवाय कोण असतं. म्हटलं ठकी. पण ठकी आईच्या वस्तूकडे बघतसुद्धा नाही, कपाट उघडताना मान फिरवते. आणि दिवसभर ती लॅबमध्ये असते.  शिंपी दोऱ्याचं रीळ बदलायला लागला. ते रीळ अर्धं भरलेलं होतं.

१९ फेब्रुवारी, बुधवार

आज ऐकलं.

चार वाजायला आले होते. शिकवणीवाल्याचे बूट घासत होतो. डोक्यावर जिन्यातून पावलं उतरायला लागली आणि माझ्या हातातला ब्रश पडला. तुझी उजवी टाच पायरीच्या कडेला घासते. झिजून झिजून ती सँडल तशीच झाली आहे, त्यामुळे दर पायरीला एक बारीक खर्र येतो. तो खर्र मला सात खोल्यांतून ओळखू येईल. त्याच्यासोबत बकलाची टिकटिक. ती पूर्वी नव्हती. पट्टा सैल असला की बकल असं वाजतं. शेवटच्या भोकात लावूनही तुला सैल होतोय, इतकी वाळलीस.

माझं दार मागच्या बाजूला उघडतं, आणि गुडघा हा असा. वळसा घालून पुढे येईपर्यंत रस्त्यावर कोणी नव्हतं. वर गेलो. कप्प्यात सँडल नव्हत्या. कप्प्यात हात घालून चाचपलं, लहान मूल शोधतं तसं. मग गॅलरीत खुर्ची टाकून बसलो, पण मलाच भीती वाटली. बायकोला काय भ्यायचं, सांग. पण वाटली. खाली येऊन काम करत बसलो. साडेपाचला खर्र टिक, खर्र टिक करत जिना चढल्याचं ऐकलं आणि मी ब्रश घट्ट धरून बसून राहिलो. सहाला वर गेलो तेव्हा सँडल जागेवर होत्या आणि ठकी चहा करत होती. तिने माझ्याकडे बघून विचारलं, “बाबा, बरं नाही का?” किती दिवसांनी तिने आपणहून काही विचारलं. मी बरं आहे म्हटलं.

२० फेब्रुवारी ते २३

रोज येतेस. चारला जातेस, साडेपाचला येतेस. मी रोज सकाळी सँडल स्वच्छ करून ठेवतो. दुसरं मी तुझ्यासाठी काय करू शकतो? आता तर तळाच्या कडाही काळ्या केल्या. गिऱ्हाइकांची कामं मागे पडली आहेत. नर्स दोनदा येऊन गेली.

२४ फेब्रुवारी, सोमवार

ग्रंथपाल आले, बूट घेऊन. मला बघून त्यांना कसनुसं झालं, तरी मुद्दाम माझ्याकडेच आले असावेत. बुटांच्या शिवणीत तांबूस कचकच. मी विचारलं हे कुठलं. खाली बघत म्हणाले की मागच्या पायऱ्यांचं काम काढलं आहे, तुमच्या घरचं ते झाल्यापासून आम्ही मागे लागलो होतो, आता विटा बसवतायत, सगळीकडे चुरा आहे. एका बाजूच्या पायऱ्या झाल्या, दुसऱ्या बाजूच्या अजून जुन्याच आहेत, लोक जुन्यांवरूनच ये-जा करतात.

ते गेल्यावर त्यांच्या बुटातला चुरा एका कागदावर झटकला, हिच्या सँडलमधला दुसऱ्या कागदावर. शेजारी शेजारी ठेवले. एकच आहे.

म्हणजे तू रोज तिथेच जातेस. पडलीस तिथे. अगं, पण माझ्याकडे का येत नाहीस? मी एवढं बोललो म्हणून? तुझा राग धरून ठेवायचा स्वभाव नव्हता. आठ दिवस अबोला धरायचा तो मी.

खरं सांगू का. तू पडलीस त्याला मी कारण आहे. हे मी कोणापाशी बोललो नाही. लोक म्हणाले पायऱ्या खराब, लोक म्हणाले नशीब. मी मान हलवत राहिलो. मी तोंड आवरलं असतं, हुकूम सोडला नसता, तर तू ओल्या सँडल घालून गेली असतीस. सँडल वाया गेल्या असत्या. एवढंच झालं असतं.

२ मार्च, रविवार

घात झाला.

रोज स्वच्छ करता करता तुझं पाऊल फिकं होत चाललं होतं, ते दिसत होतं मला. मी कडेकडेने पुसत होतो, पण मलम पसरतं, चामडं ते पितं, डाग आत जातो. नव्या गिऱ्हाइकालाही मी हेच सांगतो की फार स्वच्छ करू नका, महिन्यातून एकदा पुरे. दुसऱ्याला सांगायला मी हुशार. आज उजेडात धरून पाहिलं तर तुझा अंगठा जवळजवळ गेला आहे. मीच पुसला.

आणि त्याच्यावर दुसरं पाऊल उमटायला लागलं आहे.

टाच अरुंद आहे. चवडा तुझ्यापेक्षा पुढे टेकतो. आणि अंगठ्याशेजारचं बोट अंगठ्यापेक्षा लांब. चांगलं अर्ध्या नखाने लांब. तुझं तसं नव्हतं. तुझी बोटं अंगठ्यापासून उतरत जायची, मी कितीदा तुझ्या पायांना माप लावलं आहे. हे पाऊल तुझं नाही.

मग एवढे दिवस मी कोणाशी बोलत होतो?

३ मार्च, सोमवार

पातळ कागद ठेवून ते पाऊल पेन्सिलने उतरवून घेतलं, दुकानात उतरवायचो तसं. शिंप्याला दाखवलं. त्याच्याकडे खाली गालिचा आहे म्हणून चपला बाहेर काढून बसावं लागतं. त्याने कागद बघितला. मग खाली वाकून माझ्या पायांकडे बघितलं. मग पुन्हा कागद. म्हणाला, “हे बोट कोणाचं ते तू मला विचारतोस?”

म्हटलं तुला नाही विचारायचं तर कोणाला. त्याने कागदाची घडी करून माझ्या खिशात घातली. म्हणाला, उद्या चारला त्या पायऱ्यांवर जाऊन उभा राहा, ऐकत बसू नकोस. आणि लेकीची ड्युटी किती वाजता सुटते ते तुला शेवटचं कधी माहीत होतं, असं काहीतरी पुटपुटला. माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. माझ्या लेकीची वेळ हा मला शिकवणार. तसाच उठून आलो.

पण उद्या जाणार आहे. कोणी का असेना, हिच्या सँडल घालून हिंडायचं काय काम?

५ मार्च, बुधवार

काल लिहिता आलं नाही. काल मी पायऱ्यांवर गेलो होतो.

साडेतीनलाच जाऊन ग्रंथालयाच्या मागच्या भिंतीला टेकून उभा राहिलो. काम चालू होतं, विटांचा चुरा सगळीकडे. जुन्या पायऱ्या मधोमध वाटीसारख्या झिजलेल्या. चार महिन्यांत मी तिथे पहिल्यांदा गेलो. कुठल्या पायरीवर ते मला माहीत नव्हतं, म्हणून सगळ्याच बघत होतो.

चारनंतर खर्र टिक ऐकू आलं. वरून.  कठड्याच्या फटीतून आधी नुसते पाय दिसले. तपकिरी सँडल, माझ्या हातच्या मलमाने चकाकणाऱ्या. एकेक पायरी सावकाश उतरत होत्या. सगळ्यात खालच्या पायरीवर आल्या, वळल्या, पुन्हा वर गेल्या. पुन्हा उतरल्या. कठड्याला हात न लावता, झिजलेल्या भागातूनच, मुद्दाम. तिसऱ्या खेपेला मी पुढे झालो आणि वर बघितलं.

ठकी होती.

मला बघून ती घाबरली नाही. पायरीवर बसली. मीही गुडघा धरून तिच्या शेजारी बसलो. विचारलं, लॅब? तर म्हणाली, दोनला सुटते, नोव्हेंबरपासून; जेवून तुमचा डोळा लागलेला असतो तेव्हा वर येते. मला माहीतच नव्हतं. एका घरात राहतो आम्ही.

मग ती समोर बघत बोलली, आणि तिचे शब्द मी जसेच्या तसे लिहून ठेवतो.

“बादलीत मी टाकल्या होत्या, बाबा. आईला सरप्राइज म्हणून. तुम्ही ओरडलात तेव्हा आईने मला डोळ्यांनी गप्प केलं. नंतर म्हणाली, तुझ्या वाटचं मी ऐकून घेतलंय, आता त्यांना कधी सांगू नकोस.”

 ती पुढे म्हणाली, “या पायात असत्या तर आई पडली असती का, ते बघते मी रोज. त्याच पायऱ्या. दहा-दहा वेळा उतरते. एकदाही घसरले नाही.”

एकदाही नाही, असं तिने पुन्हा म्हटलं आणि मग तिला रडू कोसळलं.

मी म्हणालो, हात लावायचा नाही हा हुकूम माझा होता. ती म्हणाली, पण भिजवल्या मी. मी म्हणालो, मी इतका ओरडलो नसतो तर तिने त्या ओल्याच घातल्या असत्या. असे आम्ही दोघं बराच वेळ तो दोष एकमेकांच्या हातून ओढून घेत राहिलो. गवंडी काम थांबवून बघायला लागले. कुठलाच हिशेब पुरा होईना. शेवटी दोघांनाही दम लागला.

मग माझं लक्ष खाली गेलं. माझी चप्पल उतारावर निसटून पडली होती आणि माझा उघडा पाय तिच्या सँडलशेजारी टेकला होता. अंगठ्याशेजारचं बोट लांब. तिचंही तसंच, तेवढंच, अर्ध्या नखाने. एकतीस वर्षं मी गावभरच्या पायांना मापं लावली. हिचे जोड मी आणायचो, ठकीचे ही आणायची. माझ्या लेकीचा पाय मी ती दहा वर्षांची असताना शेवटचा हातात घेतला असेल. भुताचा म्हणून मी पंधरा दिवस ज्याला भ्यालो तो माझाच पाय होता.

मला लाज वाटली आणि फार वाईट वाटलं. तिच्या मनात काय काय चाललं असेल त्या पायऱ्यांवर. एखाद्या दिवशी ती घसरली असती म्हणजे?

तिला म्हटलं, “पट्टा सैल आहे तुला. अशा सैल पट्ट्यात माणूस पडतं.” ती म्हणाली, शेवटचं भोक आहे ते. मी म्हणालो, शनिवारी आणखी एक पाडून देतो. मग तिने माझी चप्पल आणून दिली आणि आम्ही घरी आलो. कठड्याला धरून चढ म्हटलं, तर धरला.

८ मार्च, शनिवार

ठकीला सुट्टी. तिला खाली बोलावून घेतलं आणि सँडल तिच्याकडूनच स्वच्छ करून घेतल्या. मी नुसता सांगत होतो. फडकं पिळून घेतलंस का, अजून पीळ. फेस घे, पाणी नको. शिवणीच्या दिशेने चाल, आडवं नको. तिचा हात माझ्यापेक्षा हलका आहे, हे खरंच आहे.

आतल्या तळाशी आली आणि थांबली. म्हणाली, “आईचा पाय जाईल ना?”

मला खोटं बोलता आलं असतं. म्हटलं, बराचसा मी घालवलाय, उरलेला तू घालशील तसा जाईल. नाही घातल्यास तर चामडं कप्प्यात वाळून तडकेल आणि तसाही जाईल.  मग तिने टाचेकडून बोटांकडे, सबंध, एका हाताने पुसून काढलं. अर्धवट पुसलं की डाग धरतो, हे मी सांगायच्या आधीच तिला माहीत होतं. आम्ही दोघंही रडलो. नर्स तेवढ्यात सँडल न्यायला आली, तिला वाटलं काही गिऱ्हाइकाचं बिघडलं.

सुकल्यावर पाय पुढे करायला सांगितला. स्टुलावर बसून तिचा पाय मांडीवर घेतला, दुकानात घ्यायचो तसा. खूण केली, पंच लावला, दाबला. पाचवं भोक. डाव्यालाही.

दुपारी तिने भिंतीवरचा कागद काढून चौथी सूचना लिहिली. ‘भिजल्यास कागद कोंबून सावलीत दोन दिवस ठेवावे.’ मी म्हटलं, पुढे लिही. तिने लिहिलं: ‘तोपर्यंत चांगल्या तळाची दुसरी चप्पल घालावी. गुळगुळीत झालेली रबरी चप्पल घालून बाहेर पडू नये. नसल्यास येथून मागून न्यावी.’ शेवटचं वाक्य तिचं. त्यासाठी चार जोड वेगवेगळ्या मापांचे आणून ठेवायला हवेत.

१० मार्च, सोमवार

आज सकाळी ठकी लॅबला निघाली. त्याच सँडल घालून. मी लवकर खाली येऊन बसलो होतो, काम काही नव्हतं. डोक्यावर पावलं सुरू झाली. कान देऊन ऐकत होतो. दर पायरीला उजवी टाच घासली, तुझी घासायची तशी. बकल वाजलं नाही.